काक्षीची प्रत ठरवताना आधीचे आकडे पाहू नका

काक्षीसारख्या (मृग तारकासमूहातला तांबडा तारा, बीटलज्यूस) रूपविकारी, म्हणजे तेज बदलत राहणाऱ्या, ताऱ्यांची निरीक्षणं सुरू करताय, तर एक पथ्य पहिल्या रात्रीपासून पाळा: आकाश पाहण्याआधी स्वतःची मागची नोंद किंवा इतरांचे आकडे उघडू नका. काल प्रत (ताऱ्याच्या तेजाचा आकडा; जितका मोठा, तितका तारा मंद) 0.6 लिहिल्याचं डोक्यात असेल, तर आजही डोळा 0.6 च शोधतो. यात लबाडी नसते, म्हणूनच ती चूक पकडता येत नाही.

अंधारात वीसेक मिनिटं थांबा. मग तुलनेसाठी घेतलेल्या प्रश्वा (0.4) आणि रोहिणी (0.9) या ताऱ्यांच्या प्रतींतल्या फरकाचे पाच भाग कल्पा. काक्षी प्रश्वापेक्षा दोन भाग मंद वाटला तर 0.6. तिन्ही तारे साधारण सारख्या उंचीवर हवेत. क्षितिजाजवळचा तारा मंद दिसतो. तांबड्या ताऱ्याकडे टक लावू नका, तो हळूहळू जास्त तेजस्वी भासतो. आकडा वेळेसह लगेच लिहा आणि नंतर खोडू नका.

विचित्र आकडा तर मुळीच नाही! फेब्रुवारी 2020 मध्ये काक्षी 1.6 च्या आसपास मंदावला होता. ‘इतका मंद कसा असेल’ म्हणून ज्याने नोंद नेहमीच्या आकड्याकडे ओढली असेल, त्याने खरी घटनाच पुसली. शंका असेल तर शेजारी ढग, चंद्रप्रकाश, धुरकं असा शेरा लिहा.