डोक्यात एकच फटका, शिक्षा जन्मठेप : अपिलात भर कशावर द्यावा?

प्रश्न : जून २०२१ मध्ये सांगली जिल्ह्यातल्या आमच्या शेताच्या बांधावरून शेजाऱ्यांशी भांडण झालं. धाकट्या भावाने तिथेच पडलेला खोऱ्याचा दांडा उचलून शेजाऱ्याच्या डोक्यात एकदा मारला, असा आरोप आहे. शेजारी नवव्या दिवशी दवाखान्यात वारले. भाऊ तेव्हापासून तुरुंगातच आहे. सत्र न्यायालयाने भारतीय दंड संहितेच्या कलम ३०२ (खून) खाली जन्मठेप दिली, त्याला ४० दिवस झाले. पाहणारी फक्त मृताची पत्नी, पंच फितूर, दांड्यावर रक्त नाही. ‘तो तिथे नव्हताच’ हा आमचा बचाव होता; मात्र भांडणात त्याचंही मनगट मोडलं होतं. अपिलात तो सुटेल का?

उत्तर : आधी मुदत बघा. उच्च न्यायालयात अपिलाला ६० दिवस मिळतात. निकालाची प्रमाणित नक्कल मिळण्यात गेलेले दिवस त्यातून वजा होतात. आरोपीला निकालाची एक प्रत मोफत मिळते. सांगलीचं अपील आता मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जातं. वकील परवडत नसेल, तर भावाने तुरुंग अधीक्षकांमार्फत अपील पाठवावं आणि विधी सेवेचा वकील मागावा.

आता पुराव्याचं. ज्या तीन गोष्टींवर तुमची भिस्त आहे, त्या तिन्ही मला लंगड्या वाटतात. साक्षीदार किती हवेत याचं बंधन कायद्यात नाही. एकच साक्षीदार पूर्ण विश्वासार्ह असेल तर शिक्षा टिकते, हे सर्वोच्च न्यायालयाने वडिवेलू थेवर प्रकरणात १९५७ मध्येच सांगितलं. पत्नी आहे म्हणून तिची साक्ष बाद होत नाही. पंच उलटले तरी तपासी अंमलदाराच्या साक्षीवर जप्ती सिद्ध होऊ शकते. आणि प्रत्यक्षदर्शी असताना रासायनिक अहवालात रक्त न निघाल्याने खटला कोसळत नाही. तिच्या साक्षीला धक्का द्यायचा तर दोन जागा तपासा : दवाखान्यातल्या पहिल्या नोंदीत जखमेचं कारण काय लिहिलंय, आणि पोलिसांना दिलेल्या जबाबात नसलेलं ती कोर्टात काय बोलली. ही तफावत उलटतपासात तिच्यासमोर ठेवून पुढे तपासी अंमलदाराकडून सिद्ध करून घेतलेली असावी लागते. ते राहून गेलं असेल तर अपिलात तिचा उपयोग नाही.

माझ्या मते या अपिलाचा कणा ‘मारलं असेल, तरी हा खून ठरतो का’ हा प्रश्न आहे. सरकारी पक्ष सर्वोच्च न्यायालयाचा विरसा सिंग निकाल (१९५८) पुढे करेल : जी जखम झाली तीच करायचा हेतू होता आणि ती निसर्गक्रमाने मृत्यूला पुरेशी होती, तर मारून टाकायचा हेतू नसला तरी खून होतो. त्यामुळे ‘फटका एकच होता’ एवढं म्हणून भागत नाही. डोक्यात जोरात घातलेला एक घावही ३०२ मध्ये बसतो. हत्यार घरून आणलं की जागेवरच हाती लागलं, आधीचं वैर किती, दुसरा फटका मारायची संधी असून मारला का, तोंडून काय शब्द निघाले, यावरून हेतू ठरतो. जागेवरचा दांडा आणि एकच फटका तुमच्या बाजूने आहेत. शवविच्छेदन करणाऱ्या डॉक्टरांची साक्ष शब्दन् शब्द वाचा. मृत्यू थेट मेंदूच्या दुखापतीने झाला की नंतरच्या संसर्गाने, आणि जखम ‘मृत्यूला पुरेशी’ होती असं ते म्हणाले का? ‘उपचार नीट झाले असते तर वाचले असते’ हा मुद्दा मात्र घेऊ नका. कलम २९९ च्या दुसऱ्या स्पष्टीकरणाने तो बंद केला आहे.

मोडलेलं मनगट हा तुमचा सर्वांत मोलाचा पुरावा आहे. कलम ३०० च्या चौथ्या अपवादाला (त्यात बसलं तर खून न ठरता सदोष मनुष्यवध ठरतो) पूर्वतयारी नसलेली, अचानक पेटलेली, रागाच्या भरातली मारामारी लागते आणि आरोपीने गैरफायदा घेतलेला किंवा क्रौर्य केलेलं नसावं लागतं. नुसती शिवीगाळ म्हणजे मारामारी नव्हे. दोन्हीकडून हात उठल्याचं मनगटावरून दिसतं. आरोपीच्या जखमांचा खुलासा सरकार पक्षाने केला नाही, तर सरकार पक्षाच्याच कथेवर संशय येतो (लक्ष्मी सिंग निकाल, १९७६). अटकेनंतरचं वैद्यकीय प्रमाणपत्र निशाणी (पुराव्यात क्रमांक मिळालेला कागद) म्हणून दाखल आहे का, ते बघा. नसेल तर अपिलात अतिरिक्त पुराव्यासाठी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३९१ चा (नव्या संहितेत ४३२) अर्ज करा.

अडचण अशी की ‘नव्हतोच’ आणि ‘मारामारीत झालं’ हे एकमेकांना छेदतात. तरीही पर्यायी मुद्दा घेता येतो, कारण सरकारी पुराव्यातूनच अपवाद दिसत असेल तर त्याचा लाभ आरोपीला मिळतो. अपवाद दाखवायची जबाबदारी आरोपीवर असते, पण ती शक्यतेच्या पारड्याने पेलली, म्हणजे त्याचं म्हणणं जास्त संभवनीय वाटलं, तरी पुरे. गैरहजेरीच्या बचावावर वेळ घालवू नका, असंच मी सुचवेन.

खुनाऐवजी सदोष मनुष्यवधाचं कलम ३०४ भाग दोन (हेतू नाही, फक्त जाणीव) लागला तर कमाल शिक्षा १० वर्षं, भाग एकमध्ये (हेतू असल्यास) १० वर्षांपर्यंत किंवा जन्मठेप. मृताच्या घरच्यांशी समेट केला तरी या गुन्ह्यांत खटला मिटत नाही. अपील सुनावणीला यायला वर्षं लागू शकतात, म्हणून शिक्षा स्थगिती आणि जामिनाचा अर्ज (प्रक्रिया संहितेचं कलम ३८९, नवीन ४३०) सोबतच द्या. जन्मठेप असल्याने सरकारी वकिलांना लेखी हरकत घ्यायची संधी द्यावीच लागते. भावाने आजवर किती काळ तुरुंगात काढला, याचा अधीक्षकांचा दाखला त्या अर्जाला जोडा.