साल आधी, रस शेवटी

जाळीवर भाजलेल्या माशाबद्दल मागे या सदरात लिहिलं होतं. त्यावर आलेली बहुतेक पत्रं लिंबू-संत्र्याच्या मुरवणीबद्दल आणि सोबतच्या सॉसबद्दल आहेत. हा माझा अत्यंत जिव्हाळ्याचा विषय, त्यामुळे या वेळची सगळी जागा त्यालाच देते. पत्रं मात्र थोडक्यात छापली आहेत.

ताई, जाड तुकड्यांना लिंबाचा रस, मीठ, लसूण लावून सकाळीच फ्रिजमध्ये ठेवल्या. संध्याकाळी पाहिलं तर कडा पांढऱ्या पडलेल्या. भाजल्यावर तुकडी बाहेरून भुसभुशीत आणि आतून कोरडी झाली. जास्त वेळ मुरली तर चव जास्त लागायला हवी ना?

मटणाच्या बाबतीत हे एक वेळ चालून जातं. मासा तितका वेळ सोसत नाही. लिंबाच्या रसात साधारण पाच-सहा टक्के सायट्रिक आम्ल असतं आणि त्याचा पीएच २ ते २.६ च्या आसपास येतो. एवढ्या आंबटपणात माशाची प्रथिनं विस्तवाशिवायच उलगडतात आणि घट्ट होतात. पेरू देशातलं सेविचे याच गुणावर उभं आहे. तिथे कच्चा मासा लिंबाच्या रसानेच पांढरा आणि घट्ट करतात. तुमच्या तुकडीच्या कडा पांढऱ्या पडल्या त्या यामुळेच. म्हणजे जाळीवर जाण्याआधीच ती कडेने शिजल्यासारखी झाली होती. आवळलेल्या प्रथिनांनी पाणी सोडून दिलं, वरून आच लागली आणि उरलंसुरलं पाणीही गेलं. भुसभुशीत झाली तेही साहजिक आहे. माशाचं मांस पातळ पाकळ्यांच्या थरांचं असतं, थर जोडणारा पडदा अगदी नाजूक असतो आणि आम्लापुढे तो लवकर हार मानतो.

आता चवीचं. लिंबाचा किंवा संत्र्याचा जो सुगंध आपल्याला हवा असतो, तो रसापेक्षा सालीत कितीतरी जास्त असतो. संत्र्याच्या सालीची एक चकती मेणबत्तीच्या ज्योतीजवळ धरून दुमडून पाहा. बारीक तुषार उडतात आणि ज्योतीत चटचट पेटतात. तेच सालीतलं तेल, मुख्यतः लिमोनीन. ते पाण्यात विरघळत नाही, तेलात विरघळतं. म्हणून माझ्या मुरवणीत सालीचा किस आणि तेल असतं, रस जवळजवळ नसतोच.

प्रत्येकी दोनशे ग्रॅमच्या चार तुकड्यांना मी हे प्रमाण घेते: तीन मोठे चमचे तेल, एका संत्र्याच्या आणि एका लिंबाच्या सालीचा बारीक किस, ठेचलेल्या लसणाच्या दोन पाकळ्या, भरड मिरपूड, सपाट चमचाभर मीठ. किस तेलात घालून बोटांनी चुरायचा. तेल पिवळसर होतं आणि वास लगेच वर येतो. मग बाकीचं मिसळून तुकड्यांना दोन्ही बाजूंनी चोळायचं आणि फ्रिजमध्ये वीस मिनिटं ते अर्धा तास ठेवायचं. रसाचा हट्टच असेल तर फक्त संत्र्याचा, एक-दोन चमचे घाला. तो लिंबापेक्षा बराच सौम्य असतो. लिंबाचा रस मात्र वाटीत राहू द्या, त्याची पाळी मासा जाळीवरून उतरल्यावर.

किसताना एवढं सांभाळा की फक्त रंगीत पापुद्रा निघाला पाहिजे. खालचा पांढरा थर कडू असतो आणि एकदा तेलात उतरलेला कडवटपणा काढता येत नाही.

मग माशाचा वास जायला लिंबू लावतात त्याचं काय?

ते अगदी बरोबर आहे आणि त्यामागचं कारण पक्कं आहे. समुद्री मासा शिळा होऊ लागला की त्यात ट्रायमिथिलअमीन तयार होतं, तो उग्र वास त्याचाच. आम्लाशी संयोग झाला की त्याचा क्षार बनतो, आणि क्षार हवेत उडत नाही, म्हणून नाकाला लागत नाही. पण त्यासाठी तासन्‌तास मुरवायला नको. रस चोळा, दोन-तीन मिनिटांत धुऊन टाका, तुकडी पुसून कोरडी करा आणि मग तेलाची मुरवण लावा. वास फारच येत असेल तर लिंबाने तो झाकायच्या भानगडीत पडू नका. तो मासा भाजायचाच नाही.

जाळीला चिकटून तुकडीचं वरचं मांस निघून येतं. तेल तर भरपूर लावते.

तेलापेक्षा पाणी बघा. तुकडी ओली असली की जाळीची उष्णता आधी ते पाणी उडवण्यात खर्च होते, तेवढ्या वेळात माशाची प्रथिनं गरम धातूला धरून बसतात. म्हणून जाळीवर टाकण्याआधी मुरवणीतला लसूण आणि किस हाताने निपटून काढा. ते तसेही पहिले करपतात. मग तुकडी कागदी रुमालाने टिपून घ्या आणि वरून तेलाचा अगदी पातळ हात फिरवा. जाळी आधी दहा-पंधरा मिनिटं सणसणीत तापू द्या, तारेच्या ब्रशने घासा, तेलात बुडवलेला फडक्याचा बोळा चिमट्यात धरून फिरवा. मागच्या खेपेचं करपलेलं काही तारेला राहिलं असेल तर तुकडी तिथेच चिकटणार.

आणि तुकडी टाकल्यावर हात आवरा. पहिली तीन-चार मिनिटं तिला हलवायचं नाही. खालची बाजू नीट खरपूस झाली की ती आपणहून सुटते. उलथनं घातल्यावर अडली तर अजून वेळ आहे असं समजून मिनिटभर थांबा. जबरदस्तीने उचललेली तुकडी फाटतेच.

मुरवणीत मध किंवा साखर असेल तर ती आधी लावू नका. मधात आणि संत्र्याच्या रसात फ्रुक्टोज असतं, ते बऱ्याच कमी तापमानाला तांबूस होतं आणि मासा आतून शिजायच्या आत बाहेर काळं पडतं. गोडवा शेवटच्या मिनिटाला ब्रशने लावावा.

तुकडीचा मधला भाग कच्चा राहतो आणि खालच्या दोन पातळ पट्ट्या चामड्यासारख्या होतात. जाडी किती घ्यावी, वेळ किती द्यावा?

प्रश्न आवडला, कारण आडवी कापलेली तुकडी मुळातच असमान असते. मध्ये कण्याचा काटा, त्याच्या वर पाठीचं जाड मांस आणि खाली पोटाच्या दोन पातळ पट्ट्या. या पट्ट्या लोंबत्या ठेवल्या तर त्यांचं असंच होणार. मी त्या आतल्या बाजूला वळवून पोटाच्या पोकळीत बसवते आणि बाहेरून सुती दोरीने एक वेढा देऊन गाठ मारते. तुकडी गोल आणि सगळीकडे जवळपास सारख्या जाडीची होते. सॅल्मनच्या तुकडीत या पट्ट्या सगळ्यात चरबीदार, म्हणून सगळ्यात चवदार. त्या वाचवणं खरोखर महत्त्वाचं आहे. गाठ उलटताना सुटू नये म्हणून तिथे भिजवलेली लाकडी काडी खोचली तरी चालते. वाढताना दोरी आणि काडी आठवणीने काढा.

जाडी अडीच सेंटिमीटर, म्हणजे साधारण इंचभर, ही मला उत्तम वाटते. दीड सेंटिमीटरच्या तुकडीला बाहेरून रंग येईपर्यंत ती आतून कोरडी होऊन जाते. वेळेसाठी ‘कॅनेडियन नियम’ म्हणून ओळखला जाणारा ठोकताळा आहे: सर्वांत जाड भागाच्या दर इंचाला एकूण दहा मिनिटं. प्रखर आचेवर मी त्याहून थोडं कमी धरते, पहिल्या बाजूला पाच मिनिटं, दुसऱ्या बाजूला तीन ते चार. कोळशाची शेगडी असेल तर निखाऱ्यांवर राखाडी थर आल्याशिवाय मासा ठेवू नका.

घड्याळापेक्षा काट्याजवळचं मांस खरं सांगतं. सुरीचं टोक कण्यालगत खुपसून हलकंसं बाजूला करा. मांस काचेसारखं पारदर्शक दिसलं तर अजून वेळ आहे. अपारदर्शक होऊन पाकळ्या सुटू लागल्या पण त्यांच्यामध्ये ओलसर चमक आहे, हा क्षण पकडायचा. थर्मामीटर असेल तर फारच उत्तम. अमेरिकेतल्या अन्नसुरक्षा यंत्रणांची शिफारस ६३ अंश सेल्सिअसची आहे. जाड तुकडी उतरवल्यावरही आतलं तापमान दोन-तीन अंश चढतं, म्हणून मी साठच्या पुढे आकडा गेला की उतरवते आणि तीन मिनिटं ताटात तशीच राहू देते. घरात लहान मुलं, गरोदर बाई किंवा आजारी माणूस जेवायला असेल तर मात्र त्रेसष्ट गाठल्याशिवाय उतरवू नका.

सॅल्मनवर पांढऱ्या गुठळ्या येतात, त्याबद्दल दोन पत्रांत काळजी दिसली. ते अल्ब्युमिन, माशाचंच प्रथिन. आच फार झाली की आतून पिळून बाहेर येतं आणि वर गोठतं. खायला काहीच हरकत नाही. कमी हवं असेल तर एक लिटर पाण्यात पन्नास ग्रॅम मीठ विरघळवून त्यात तुकड्या दहा मिनिटं बुडवा, पुसा आणि मग मुरवणीत मीठ घालू नका.

उरलेल्या मुरवणीचाच सॉस केला तर चालेल का? आणि माझा संत्र्याचा सॉस नेहमी कडवट होतो.

जिला कच्चा मासा लागला आहे ती मुरवण भाजलेल्या माशावर तशीच ओतायची नाही. खळखळून उकळल्यावर धोका जातो, पण उकळल्यावर सालीचा सुगंधही जातो, मग ठेवायचं कशाला? सॉससाठी किस आणि रस आधीच वेगळ्या वाटीत काढून ठेवा.

माझा सॉस असा. दोन-तीन संत्र्यांचा ताजा रस गाळून, दीडशे मिलिलिटर, पसरट भांड्यात मध्यम आचेवर ठेवते. त्यात आल्याच्या दोन चकत्या. रस आटून एक तृतीयांश उरला की बुडबुडे मोठे आणि चिकट दिसू लागतात, चमच्याच्या पाठीला पातळ थर धरतो. आलं काढून टाकते, आच अगदी मंद करते आणि चाळीस ग्रॅम थंडगार लोण्याचे तुकडे एकेक करून फेटत घालते. एक विरघळला की दुसरा. सॉस दाटसर, तुकतुकीत होतो. यानंतर त्याला उकळी येऊ द्यायची नाही, नाहीतर लोणी फुटून तुपासारखं वर तरंगतं. फुटायला लागलं असं दिसताच आचेवरून काढून चमचाभर गार पाणी घालून जोरात फेटा, बहुतेक वेळा सावरतं. शेवटी, भांडं खाली उतरवल्यावर, मोठा चमचाभर लिंबाचा रस, चिमूटभर मीठ आणि सालीचा किस. लिंबाचा रस उकळला की त्याचा टवटवीतपणा जातो, म्हणून तो सगळ्यात शेवटी.

तुमचा कडवटपणा बहुधा दोन ठिकाणांहून येतो. फळाच्या फोडी सालीसकट उकळत असाल तर तो पांढरा थर रसात उतरतो. दुसरं म्हणजे रस आदल्या दिवशी काढून ठेवत असाल. नेव्हलसारख्या काही जातींच्या संत्र्यांचा रस ताजा असताना गोड लागतो, पण ठेवला की त्यात सालीतल्या लिमोनीनसारख्याच नावाचा, पण वेगळाच, लिमोनिन नावाचा कडू घटक हळूहळू तयार होतो. रस ऐनवेळी काढा.

लोणी नको असेल तर चार चमचे ऑलिव्ह तेल, दोन चमचे लिंबाचा रस, अर्धा चमचा मोहरीची पेस्ट आणि बारीक चिरलेली कोथिंबीर झाकणाच्या बरणीत घालून हलवा. मोहरीमुळे तेल आणि रस एकजीव राहतात. ट्यूना आणि स्वोर्डफिशसारख्या घट्ट मांसाच्या तुकड्यांवर मला हाच सॉस अधिक आवडतो. लोण्याचा हॅलिबटसारख्या सौम्य माशाला द्यावा.

सॉस तुकडीच्या खाली किंवा बाजूला घाला. वरून ओतला तर एवढ्या मेहनतीने आणलेला खरपूसपणा मऊ पडतो.

मुरवायला अ‍ॅल्युमिनियमचं भांडं चालेल?

नाही. अ‍ॅल्युमिनियम, तांबं, पितळ, बिडाचं लोखंड या सगळ्यांवर आम्लाची क्रिया होते आणि चवीला धातूचा वास लागतो. काच, चिनीमाती किंवा स्टेनलेस स्टील वापरा.

लिंबात मुरवल्यावर जंतू मरतात, म्हणून मासा थोडा वेळ ओट्यावर राहिला तरी चालतं असं ऐकलं.

कृपया असं करू नका. आम्लाने मांस पांढरं पडतं म्हणून ते सुरक्षित झालं असं नाही. परजीवी त्याने मरतीलच असा भरवसा नाही. ट्यूना, बांगडा यांच्या जातीच्या माशांचा धोका आणखी वेगळा आहे. ते उबेत राहिले तर जिवाणू त्यांच्यातल्या हिस्टिडीन या प्रथिनघटकाचं हिस्टामीन हे बाधणारं द्रव्य करतात. ते खाल्ल्यावर तोंड लाल होतं, डोकं दुखतं, अंगावर गांधी उठतात. एकदा तयार झालेलं हिस्टामीन भाजून, तळून, उकळून कशानेही जात नाही. म्हणून मुरवण फ्रिजमध्येच, चार अंशांच्या आत. गोठवलेला मासाही फ्रिजमध्येच रात्रभर वितळू द्या, आणि हवाबंद पाकिटात असेल तर वितळायला ठेवण्याआधी पाकीट कापा. प्राणवायूविना वाढणाऱ्या बोट्युलिनम जिवाणूला संधी मिळू नये म्हणून ही काळजी.

जाळी नाही, गॅसवर रेघांचा ग्रिल पॅन आहे. जमेल?

जमेल. बिडाचा असेल तर उत्तमच, कारण तो उष्णता धरून ठेवतो. आठ-दहा मिनिटं कोरडाच तापवा, तेल पॅनला लावण्याऐवजी तुकडीला लावा, एका वेळी दोनच तुकड्या ठेवा. जास्त ठेवल्या तर पॅन गार पडतो आणि मासा भाजण्याऐवजी वाफेवर शिजतो. आंबट सॉस मात्र त्या बिडाच्या पॅनमध्ये करू नका.

उरलेली तुकडी दुसऱ्या दिवशी गरम केली की कोरडी होते.

गरम करूच नका. काटे काढून पाकळ्या मोकळ्या करा, त्यावर तेल-लिंबाचा सॉस, चिरलेला कांदा आणि संत्र्याच्या सोललेल्या फोडी घालून गारच खा. फ्रिजमध्ये ठेवली असेल तर दोन दिवसांत संपवा.