श्रेयनामावलीच्या आधी क्यू शीट

तुमची मुलगी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे, पियानो आणि हार्मोनिअम वाजवते, ब्रिटनमध्ये मालिका-चित्रपटांचं पार्श्वसंगीत करायचं म्हणते. ‘पडद्यामागे राहून पोट भरेल का?’ हा तुमचा प्रश्न रास्त आहे.

भरतं, पण कागद चोख असेल तरच. ‘डॉक्टर हू’ या ब्रिटिश टीव्ही मालिकेचं शीर्षकसंगीत १९६३ साली रॉन ग्रेनर यांनी रचलं. टेपचे तुकडे कापून-जोडून ते घडवलं बीबीसीच्या डेलिया डर्बीशर यांनी. ग्रेनर त्यांना रॉयल्टीत, म्हणजे प्रक्षेपणामागे मिळणाऱ्या पैशात, वाटा द्यायला तयार होते. बीबीसीच्या नियमांत ते बसलं नाही. मालिकेत पडद्यावर त्यांचं नाव आलं २०१३ मध्ये, त्या गेल्यानंतर बारा वर्षांनी. या अन्यायाची हळहळ आजही वाटते.

आज कुणाचा किती वाटा हा हिशेब क्यू शीट नावाच्या तक्त्यावर होतो: प्रत्येक तुकड्याचं नाव, मिनिट-सेकंद, संगीतकार आणि त्याचा टक्का. निर्मात्याने ती भरली नाही किंवा चुकीची भरली, तर प्रक्षेपण होऊनही पीआरएसकडून (संगीतकारांसाठी रॉयल्टी गोळा करणाऱ्या ब्रिटिश संस्थेकडून) रॉयल्टी येत नाही. म्हणून भाग प्रसारित होण्याआधीच तिची प्रत मागून घ्यायची. करारात ‘बायआउट’ (एकरकमी पैसे घेऊन हक्क देणं) शब्द दिसला, तर प्रक्षेपणाची रॉयल्टीही सोडून द्यावी लागते का, हे वकिलाकडून तपासून घ्या.

शिक्षणासाठी बीकन्सफील्डचं नॅशनल फिल्म अँड टेलिव्हिजन स्कूल किंवा लंडनचं रॉयल कॉलेज ऑफ म्युझिक पाहा. अर्जासाठी तिने संगीत दिलेले काही छोटे प्रसंग तयार ठेवा, पण निदान एकात संवाद हवेत. नवखे तिथेच घसरतात: माणसाच्या आवाजाच्याच पट्टीत बासरी किंवा क्लॅरिनेट फिरवतात आणि शब्द बुडतात. दुसरी चूक फ्रेमरेटची, म्हणजे सेकंदाला किती चित्रं सरकतात त्याची. ब्रिटिश टीव्ही २५ फ्रेम्सवर चालतो, सिनेमा २४ वर. २४ चं चित्र २५ वर चाललं की मिनिटामागे २.४ सेकंद कमी होतात, आणि दार आपटण्यावर बसवलेला ठोका उशिरा पडतो. ध्वनी ४८ किलोहर्ट्झवर, तंतुवाद्यं, ताल, सिंथ असे स्टेम (वाद्यगटांचे स्वतंत्र ध्वनिपट) वेगळे करून द्यायचे.

सुरुवात बहुधा दुसऱ्या संगीतकाराची सहायक म्हणून होते: नोटेशन लिहिणं, वाद्यवृंदातल्या प्रत्येक वाद्यासाठी वेगळं नोटेशन काढणं, ध्वनिमुद्रणाच्या फाइल्स लावणं. हे कमी प्रतीचं काम समजू नका. कामं पुढे याच ओळखींतून मिळतात.

एक गोष्ट आत्ताच लक्षात घ्या. विद्यार्थी व्हिसावर स्वयंरोजगार चालत नाही आणि हा व्यवसाय तर बहुतांशी फ्रीलान्सच आहे. त्यामुळे शिकत असताना एखादं जिंगल करून फी निघेल, हा हिशेब धरू नका. पूर्ण अभ्यासक्रमाचा खर्च आधी हाताशी हवा.