इसार दिला, मालक फिरला : जमिनीच्या सौद्यातील मनाई हुकूम

प्रश्न : उदगीर तालुक्यातल्या २ एकरांचा १८ लाखांत सौदा झाला. ४ लाख इसार देऊन शंभराच्या बॉण्डवर इसारपावती केली. मालक आता दुसऱ्याला विकतोय. लगेच स्टे मिळेल का?

उत्तर : नुसता स्टे मिळत नाही. आधी खरेदीखत करून मिळण्याचा दावा लावा आणि त्यातच दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम १ व २ खाली मनाईचा अर्ज द्या. कोर्टात हीच ‘निशाणी ५’. प्रथमदर्शनी केस (वरवर पाहता दाव्यात दम असणे), सोयी-गैरसोयीचा तोल (मनाई न मिळाल्यास जास्त त्रास कोणाला) आणि पैशाने भरून न निघणारे नुकसान, या तिन्ही गोष्टी दाखवाव्या लागतात. लोक अडतात ते पहिलीवरच. उरलेले १४ लाख द्यायची तयारी तोंडी सांगून भागत नाही. पासबुक, मुदतठेव, कर्जमंजुरीचे पत्र जोडा. करारातली मुदत संपण्याआधी ‘अमुक तारखेला रजिस्ट्री ऑफिसात या’ अशी नोटीस रजिस्ट्रेशनसह स्पीड पोस्टाने पाठवा आणि त्या दिवशी खरोखर जाऊन थांबा. दाव्याची मुदत ३ वर्षे असली, तरी दोन वर्षे गप्प बसणाऱ्याला मनाई मिळणे अवघड.

पावतीत ताबा दिल्याचे लिहिले असेल, तर मुद्रांक खरेदीखताइतका लागतो. मग शंभराचा बॉण्ड अंगाशी येतो : कमी शुल्क दंडासह भरेपर्यंत तो कागद पुराव्यात येत नाही. शिवाय सातबारा नीट वाचा. आपल्या मराठवाड्यात इनामी, मदतमाश (पूर्वी निर्वाहासाठी दिलेल्या) जमिनी पुष्कळ. ‘भोगवटादार वर्ग २’ (सरकारी परवानगीशिवाय विकता न येणारी जमीन) असेल, तर विक्रीची परवानगी कोणी काढायची होती, हे कोर्ट विचारतेच.

प्रश्न : एकतर्फी मनाई (समोरच्याला न ऐकता दिलेली) मिळाली. पुढे काय?

उत्तर : अर्ज, शपथपत्र, दावा आणि सोबतचे कागद यांच्या प्रती लगेच समोरच्याला रजिस्ट्रेशनसह स्पीड पोस्टाने पाठवा. पाठवल्याचे शपथपत्र त्याच किंवा दुसऱ्या दिवशी दाखल करा. हे चुकले, तर एवढ्यावरून मिळालेली मनाई उठते, म्हणून हे कारकुनावर सोडू नका. अर्ज ३० दिवसांत निकाली काढावा, असे नियम ३-अ सांगतो. तारखा मागत बसू नका. हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते, ३ महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होते.

प्रश्न : दुय्यम निबंधकाकडे हरकत अर्ज दिलाय. पुरे ना?

उत्तर : नाही. कोर्टाचा हुकूम नसेल, तर नुसत्या हरकतीवर दस्त थांबत नाही. दावा दाखल होताच त्याची लिस पेंडन्सची नोटीस (या जमिनीवर दावा चालू असल्याची सूचना) तिथे नोंदवा. महाराष्ट्रात ही नोंदणी केली, तरच दाव्यादरम्यान घेणारा खरेदीदार निकालाला बांधला जातो.

प्रश्न : भाऊ वडिलोपार्जित जमीन विकताहेत. बहीण म्हणून मला अडवता येईल?

उत्तर : येईल, पण वाटणीचा दावा लावून. त्यात निशाणी ५ द्या, घेणारा माहीत असेल तर त्यालाही प्रतिवादी करा. २० डिसेंबर २००४ पूर्वीच्या विक्रीला मात्र मुलींना मुलाइतका हक्क देणाऱ्या हिंदू वारसा कायद्याच्या २००५ च्या दुरुस्तीने धक्का लागत नाही. भावांनी फसवून हक्कसोडपत्रावर सही घेतली असेल, तर ते रद्द करण्याची मागणी याच दाव्यात हवी. फसवणूक कळल्यापासून ३ वर्षांत. ही मागणी नसली, तर भावांचा वकील निशाणी ५ च्या सुनावणीत तोच कागद पुढे करतो.