हुकूमनामा झाल्यावर घेतलेली पॉलिसी

प्रश्न: साडूंच्या दुकानाच्या उधारीला मी जामीन होतो. व्यापाऱ्याने दावा लावला. समन्सचं पाकीट आलं तेव्हा ओळखीच्या एकाने सांगितलं, ‘घेऊच नका, घेतलं नाही की केस लागत नाही.’ मी परत पाठवलं. तीन महिन्यांपूर्वी एकतर्फी हुकूमनामा (पैसे भरण्याचा कोर्टाचा निकाल) झाला: 8 लाख आणि वसुलीपर्यंत 12 टक्के व्याज. आता दरखास्तीची, म्हणजे हुकूमनाम्याच्या वसुलीची, नोटीस आली आहे. यातले 3 लाख मी दाव्याआधीच बँकेतून भरले होते. जिल्हा न्यायालयात अपिलाला दीड लाख खर्च येईल. पीपीएफमधून काढू का? बाकी पैसे सुरक्षित आहेत. गेल्याच महिन्यात एफडी मोडून आयुर्विम्याची पॉलिसी घेतली (वर्षाला अडीच लाख हप्ता, दहा वर्षं). तिला कोर्ट हात लावू शकत नाही, असं एजंट म्हणाले.

उत्तर: पीपीएफचं नंतर बघू. आधी पॉलिसीचे कागद कोणत्या तारखेला हातात आले ते शोधा. त्या तारखेपासून 30 दिवसांत पॉलिसी परत करता येते. थोडी कपात होऊन पैसे मिळतात. मुदत शिल्लक असेल तर आजच अर्ज द्या.

एजंटांनी सांगितलं ते खोटं नाही, म्हणूनच ते विकलं गेलं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 60 मध्ये आयुर्विम्याच्या पैशाला जप्तीपासून सूट आहे. पण पीपीएफलाही जप्ती लागत नाही, आणि ते तुमच्याकडे आधीच होतं! अडीच लाख गुणिले दहा, म्हणजे 25 लाखांचं ओझं तुम्ही डोक्यावर घेतलंत, तेही हाताशी रोकड हवी असताना. 8 लाखांवर 12 टक्के म्हणजे महिन्याला 8 हजार व्याज चढतंय. अशी पॉलिसी 5-6 टक्के देते. कशाला?

रोकड का हवी, तेही सांगतो. अपील दाखल केलं म्हणून वसुली थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते, आणि पैशाच्या हुकूमनाम्यात कोर्ट सहसा रक्कम भरा किंवा तारण द्या म्हणतं. दीड लाख ही फक्त वकिलाकडची बाजू झाली.

शिवाय अपील हा तुमच्यासाठी बरा रस्ता वाटत नाही. अपिलात खालच्या कोर्टातले कागद तपासतात, आणि तिथे तुमचा एकही कागद नाही. 3 लाखांचं बँक स्टेटमेंट अपिलात नव्याने घुसवणं अवघड. ज्या कोर्टाने हुकूमनामा दिला त्याच कोर्टात, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर 9 नियम 13 खाली, हुकूमनामा रद्द करण्याचा अर्ज केलात आणि तो मंजूर झाला, तर दावा पुन्हा चालतो आणि स्टेटमेंट दाखवता येतं. क्रमही सांभाळा: अपिलाचा निकाल आधी लागला तर या अर्जाचं दार बंद होतं.

आता कटू भाग. या अर्जाला 30 दिवस असतात. समन्स बजावलंच गेलं नसेल तर ते हुकूमनामा कळल्यापासून मोजतात. पण पाकिटावर पोस्टमनचा ‘घेण्यास नकार’ असा शेरा असेल, तर कायद्याच्या नजरेत ते तुम्हाला मिळालं. मग 30 दिवस हुकूमनाम्यापासून, म्हणजे दोन महिने उशीर झालाच. विलंब माफीचा अर्ज जोडावा लागेल आणि कारण खरं लिहावं लागेल. ‘पोस्टमन आलाच नाही’ असं लिहून देऊ नका. पाकीट कोर्टाच्या फाइलमध्ये आहे.

म्हणून मी अर्ज करेन, पण भरवसा तडजोडीवर ठेवेन. चार वर्षं लढून हरलात तर 8 अधिक व्याजाचे पावणेचार, जवळपास 12 लाख, वर वकील. 3 लाख वजा धरून साडेपाच-सहा लाखांत मिटत असेल तर मिटवा. पॉलिसीचे परत आलेले अडीच लाख, नियमात बसेल तेवढी पीपीएफची रक्कम, उरलेले हप्त्याने. पीपीएफ वकिलासाठी नको, यासाठी चालेल. दिलेला प्रत्येक रुपया दरखास्तीत कोर्टापुढे नोंदवून घ्या. नोंद नसलेली रक्कम वसुली करणारं कोर्ट धरत नाही. भरलेलं साडूंकडून वसूल करायचा हक्क तुम्हाला आहे. नात्याचं तुम्ही बघा.

पॉलिसी परतीचा अर्ज एजंटाच्या हाती देऊ नका. शाखेत स्वतः जा, तारखेच्या शिक्क्याची पोच घ्या. आणि कंपनीकडून उत्तराचं पाकीट आलं, तर ते घ्या.