लिटरची नोंद चुकली आणि पिल्लं नव्या घरी गेली : दुरुस्ती कुठून सुरू करायची?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा : तुमच्या लॅब्रॅडॉरला ८ पिल्लं झाली. लिटरच्या, म्हणजे एका वेतातल्या सगळ्या पिल्लांच्या, नोंदणीचा केनल क्लबचा (कुत्र्यांच्या वंशावळी नोंदवणाऱ्या संस्थेचा) फॉर्म भरताना ५ नर आणि ३ माद्यांऐवजी ४–४ लिहिलं गेलं, मेटिंगची तारीख १२ मार्चऐवजी २१ मार्च पडली आणि एका काळ्या पिल्लापुढे चॉकलेट लागलं. पिल्लं झाली १५ मे रोजी. सर्टिफिकेटं हातात आली, काही पिल्लं गेलीसुद्धा, आणि मग हे लक्षात आलं. क्लबला कळवलं तर लिटरच रद्द होईल या भीतीने गप्प बसावं का, असं तुम्ही विचारलंय.

गप्प बसू नका. मी १८ वर्षं लॅब्रॅडॉर पाळते आहे, आणि मालकाने स्वतः होऊन कळवलेल्या लिहिण्याच्या चुकीपायी लिटर रद्द झालेलं मी एकदाही पाहिलेलं नाही. अडचणीत येतात ती लिटरं, ज्यांचा बाप कागदावर एक आणि प्रत्यक्षात दुसरा असतो आणि ते माहीत असूनही दडवलेलं असतं. तुमच्या बाबतीत तसं काही दिसत नाही. पण ‘दिसत नाही’ एवढ्यावर थांबून चालणार नाही, कारण तुमच्या तीन चुका एकाच कागदावर असल्या तरी एका जातीच्या नाहीत.

नर–मादीची चूक सगळ्यात सोपी. जन्मलेलं पिल्लू ओलं असतं, नाळेचा तुकडा लोंबत असतो, रात्रीचे तीन वाजलेले असतात, कुत्री अजून कळा देत असते. नराची खूण पोटावर, नाळेच्या जरा मागे असते. मादीची शेपटीखाली, मागच्या पायांच्या मधे. ओल्या नाळेमुळे ती पोटावरची खूण भल्याभल्यांना चकवते. म्हणून मी पहिल्या दिवशी लिहिते ते पेन्सिलीने आणि तिसऱ्या दिवशी प्रत्येक पिल्लू पुन्हा उताणं करून बघते. तुम्हाला व्हेटकडून एक पत्र घ्यावं लागेल : अमुक चिपचं (कातडीखाली बसवलेल्या ओळख-नंबराच्या चिपचं) पिल्लू नर आहे, मी स्वतः तपासलं आहे. एवढा पुरावा सहसा पुरतो.

मात्र इथे एक गोष्ट सहज नजरेतून सुटते. लिटरच्या नोंदीत ४ माद्या आहेत आणि प्रत्यक्षात ३. म्हणजे तुमच्याकडे एक सर्टिफिकेट असं आहे की ज्याची मादी जगात नाही. हा कागद धोकादायक आहे. बिनकागदाच्या भलत्याच कुत्रीला चिकटवायला असेच कागद वापरले जातात. तो ‘राहू दे, पुढे बघू’ म्हणून कपाटात ठेवू नका आणि फाडूनही टाकू नका. मूळ प्रत क्लबला परत करा आणि ती मिळाल्याची पोच घ्या. उलट बाजूने, पाचव्या नराला लिटरमध्ये जागाच नाही. म्हणून आधी लिटरची मूळ नोंद दुरुस्त व्हायला हवी, मग एकेका पिल्लाचे कागद. उलटा क्रम धरलात तर अर्ज परत येत राहतील.

तारखेची चूक दिसायला आकड्यांची अदलाबदल, पण तिच्याकडे क्लब जास्त बारकाईने बघेल. हिशेब करून बघा. १२ मार्च ते १५ मे म्हणजे ६४ दिवस. २१ मार्च ते १५ मे म्हणजे ५५. बीज सुटल्यापासून मोजलं तर कुत्री साधारण ६३ दिवसांनी वितात. पहिल्या मेटिंगपासून मोजलं तर हा आकडा ५७ ते ७२ दिवसांपर्यंत मागेपुढे होतो, कारण नराचं वीर्य मादीच्या गर्भाशयात कितीतरी दिवस जिवंत राहतं आणि मादीचं बीज सुटल्यावरही पक्व व्हायला एक-दोन दिवस घेतं. ५५ दिवसांत पूर्ण वाढीची ८ धडधाकट पिल्लं, असं कागदावर दिसलं की जाणकाराच्या मनात पहिला विचार येतो तो आधीच्या एखाद्या मेटिंगचा, कदाचित दुसऱ्या नराशी झालेल्या. तुमची खरी तारीख सांगितल्यावर ही शंका आपोआप मिटते. म्हणून ही दुरुस्ती तुमच्या बाजूचीच आहे. पण तारीख तुमच्या एकट्याच्या सहीने बदलणार नाही. मेटिंगच्या कागदावर नराच्या मालकाची सही असते, त्यामुळे दुरुस्तीवरही त्यांची सही लागेल. त्यांच्या वहीत १२ मार्च असेल तर त्या पानाचा फोटो मागून घ्या. माजाच्या त्या दिवसांत प्रोजेस्टेरॉनची, म्हणजे बीज कधी सुटतं ते दाखवणारी रक्ताची, तपासणी केली असेल तर तो रिपोर्टही जोडा. त्याच्याइतका बोलका पुरावा दुसरा नाही.

आता रंग. याला मी सर्वांत जास्त वेळ देते, आणि तुम्ही नेमकी तीच माहिती दिलेली नाही : आई-बापाचे रंग काय आहेत? लॅब्रॅडॉरमध्ये काळा रंग चॉकलेटवर वरचढ असतो. आई किंवा बाप काळा असेल तर काळं पिल्लू होणं साहजिक आहे आणि तुमची चूक निव्वळ लिहिण्यातली. आई चॉकलेट आणि बाप पिवळा असला तरी काळं पिल्लू होऊ शकतं. पुष्कळ जण हे ऐकून चकित होतात, पण पिवळ्या कुत्र्याकडे काळ्याचा जीन झाकलेला असू शकतो. मात्र दोघंही चॉकलेट असतील तर काळं पिल्लू होत नाही. दोघंही पिवळे असतील तर काळंही नाही आणि चॉकलेटही नाही. तसं असेल तर प्रश्न फॉर्म कसा भरला याचा राहत नाही, बाप कोण याचा होतो.

एकाच माजात दोन नरांकडून गर्भधारणा होऊन एकाच वेतात दोन बापांची पिल्लं जन्मतात, ही कुत्र्यांमध्ये नवलाची गोष्ट नाही. तेव्हा आठवून बघा : त्या दहा-बारा दिवसांत घरात, अंगणात, फिरायला नेताना दुसरा नर जवळ आला होता का? उत्तर ‘कदाचित’ असेल तर क्लबच्या पत्रात ते ‘कदाचित’ही लिहा आणि सगळ्या पिल्लांची, आईची आणि संभाव्य बापांची डीएनए तपासणी करून घ्या. दोन बापांच्या लिटरसाठी अमेरिकन केनल क्लबसारख्या संस्थांनी डीएनएच्या आधारे नोंदणीची वेगळी सोयच ठेवलेली आहे. म्हणजे खरं सांगणाऱ्यासाठी वाट आहे.

डीएनएचा नमुना घेताना घाई करू नका. दूध पिणाऱ्या पिल्लाच्या तोंडातून घेतलेल्या कापसाच्या बोळ्यावर आईच्या पेशी येतात, एकमेकांना चाटणाऱ्या भावंडांच्याही येतात. पिल्लाला आधी काही वेळ वेगळं ठेवावं लागतं. आणि बोळा पाकिटात घालण्याआधी त्याच पिल्लाची चिप स्कॅन करून नंबर पाकिटावर लिहायचा. आठ पाकिटं भरून झाल्यावर आठवणीने लिहायला बसलात तर जी चूक सुधारायला निघालात तीच नव्याने होईल.

हे मी एवढं ठासून सांगते आहे ते स्वतः भोगलेलं असल्यामुळे. माझ्या एका लिटरमध्ये सगळ्या माद्या काळ्या होत्या, एकीला झाकावं आणि दुसरीला काढावं इतक्या सारख्या. ओळखण्यासाठी गळ्यात रंगीत फिती बांधल्या होत्या. चिप बसवायच्या आदल्या संध्याकाळी त्यांना पुसून काढताना मी हिरवी आणि निळी फीत सोडली, पिल्लं दुधाला गेली, आणि परत बांधताना अदलाबदल झाली. मला तेव्हा कळलंही नाही. सव्वा वर्षाने त्यातल्या एकीचा खुब्याचा एक्स-रे काढायचा ठरला. तपासणीआधी चिप वाचली आणि व्हेटने स्कॅनर आणि सर्टिफिकेट माझ्यासमोर शेजारी शेजारी धरलं. पंधरापैकी शेवटचे दोन आकडे वेगळे होते. एक्स-रे झालाच नाही. त्या कुत्रीच्या घरचे मला विचारत होते, ‘मग ही आमची नाही का?’ ती त्यांच्या पायाशी बसलेली होती आणि त्यांच्याचकडे बघत होती. त्या प्रश्नाला काय उत्तर द्यावं ते मला सुचेना.

मी लगेच त्या कुत्रीची बहीण जिथे गेली होती त्या घरी फोन केला. तिची चिप वाचल्यावर उलगडा झाला : एकीचा नंबर दुसरीच्या कागदावर. तरी मी त्या लिटरमधल्या एकूण एक पिल्लाची चिप त्या आठवड्यात वाचून घेतली, कारण दोन सापडल्या म्हणजे तिसरी नसेलच असं नाही. मग दोन्ही मूळ सर्टिफिकेटं एकाच पाकिटात, एकाच पत्रासोबत पाठवली. हे महत्त्वाचं आहे. एकटीचाच नंबर बदलायला पाठवला असता तर तो नंबर आधीच दुसरीच्या नावावर असल्यामुळे अर्ज अडला असता. दुरुस्त कागद यायला वेळ लागला, पण आले. दोघींच्या वंशावळीत आज काही खोट नाही.

कुणी म्हणेल, आई-बाप तेच, भावंडं तीच, मग एवढं मनाला का लावून घ्यायचं? कारण लिटरची एक ओळ तिथेच थांबत नाही. ती मुलांच्या वंशावळीत उतरते, नातवंडांच्या उतरते. लॅब्रॅडॉरमध्ये डोळ्यांचा एक आनुवंशिक आजार आहे, पीआरए, ज्यात पडदा हळूहळू निकामी होऊन कुत्रं आंधळं होतं. त्याच्या पीआरसीडी या प्रकारात सदोष जीन आई आणि बाप दोघांकडून यावा लागतो. दोघंही तपासणीत निर्दोष ठरले तर पुष्कळदा पिल्लं न तपासताच निर्दोष धरली जातात. हे सगळं टिकून आहे ते ‘आई-बाप हेच’ या एका ओळीवर. ती ओळ खोटी असेल तर चार वर्षांनी कुणाचं तरी कुत्रं अंधारात भिंतीवर आपटेल आणि कारण कुणालाच सापडणार नाही. रंगाचंही तसंच आहे. मर्ल रंग, म्हणजे फिक्या अंगावर गडद डाग, असलेल्या जातींत अंगावरचा मर्ल फिका असला आणि नोंद साध्या रंगाची झाली, की पुढे कुणीतरी अजाणता दोन मर्ल एकत्र आणतो. दोन्हीकडून तो जीन मिळालेली पिल्लं बहिरी किंवा अंध जन्मण्याचा धोका फार मोठा असतो. ब्रिटनच्या केनल क्लबने १८८० मध्ये कुत्र्यांची नावं नोंदवण्याची पद्धत सुरू केली तेव्हा हेतू एवढाच होता की स्टड बुकात, म्हणजे क्लबच्या कुत्र्यांच्या नोंदवहीत, एकाच नावाची अनेक कुत्री होऊन घोटाळा होऊ नये. आज त्याच नोंदींवर जनावरांचं आरोग्य अवलंबून आहे.

आता पत्र. तिन्ही चुका एकाच पत्रात मांडा, तीन वेगवेगळी पत्रं पाठवू नका, नाहीतर क्लबला वाटेल दर महिन्याला नवीन काहीतरी निघतंय. लिटरचा नोंदणी क्रमांक वर. मग प्रत्येक चुकीसाठी : काय नोंदलं आहे, काय असायला हवं, चूक कशी झाली, सोबत कोणता पुरावा. ‘कशी झाली’ हे दोन वाक्यांत, खरं खरं. ‘तारीख लिहिताना आकडे उलटे पडले’ पुरे आहे, लांबलचक माफीनामा नको. कुत्री दोघांच्या नावावर असेल तर दोघांच्या सह्या. विताना ठेवलेल्या वहीची पानं, लसीकरणाची कार्डं, चिपच्या स्टिकरचा तक्ता आणि मूळ फॉर्मची प्रत जोडा. दुरुस्तीचा छापील नमुना किंवा प्रतिज्ञापत्र लागतं का, फी किती, मुदत काय, हे प्रत्येक क्लबचं वेगळं असतं, ते आधी विचारून घ्या. आणि काहीही झालं तरी सर्टिफिकेटवर स्वतः पेन चालवू नका. व्हाइटनर तर नाहीच. खाडाखोड झालेला कागद खरा असला तरी संशयास्पद होतो.

पाठवण्याआधी सगळ्या पानांचे फोटो काढून ठेवा. उत्तर येईपर्यंत या लिटरमधल्या एकाही पिल्लाचं नाव ट्रान्स्फरला देऊ नका, आणि ज्यांच्याकडे पिल्लं गेली त्यांनाही थांबायला सांगा. चुकीच्या नोंदीवर मालकी बदलली की दुरुस्तीसाठी नव्या मालकाचीही सही लागते आणि काम दुप्पट होतं. क्लबची नोंद सुधारली म्हणून चिपच्या डेटाबेसमधली आपोआप सुधारत नाही, तो अर्ज वेगळा. हरवलेलं कुत्रं सापडतं ते त्या दुसऱ्या नोंदीवरून, तेव्हा तिथेही नर-मादी आणि रंग बघून घ्या.

पिल्लं नेलेल्या घरांना आजच फोन करा, क्लबचं उत्तर येईपर्यंत थांबू नका. त्यांना दुसरीकडून कळलं तर तुम्ही फसवलंत असं वाटेल. तुमच्याकडून कळलं तर बहुतेक लोक समजून घेतात, हा माझा अनुभव आहे. सांगा की पिल्लू तेच आहे, तुमचंच आहे, लिहिताना माझ्या हातून चूक झाली आणि दुरुस्तीचा खर्च मी करते आहे. मग त्यांना एवढंच मागा : व्हेटकडे जाऊन चिप स्कॅन करायची, स्कॅनरच्या पडद्यावरचा नंबर आणि शेजारी पिल्लू एकाच फोटोत येईल असा फोटो पाठवायचा, आणि मूळ सर्टिफिकेट पोच घेऊन तुमच्याकडे द्यायचं. सुरुवात काळ्या पिल्लाच्या घरापासून करा. आणि तो फोन लावण्याआधी आई-बापाच्या रंगांची खात्री करून घ्या, कारण त्यावरच तुम्ही त्यांना काय सांगणार ते ठरेल. ते रंग इथे कळवलेत तर पुढचं मी सांगू शकेन.