वाचकांचे प्रश्न: अर्ध्या हृदयाच्या संशोधनाला पैसे द्यायचे तर कुणाला?

मागच्या अंकात हायपोप्लास्टिक लेफ्ट हार्ट म्हणजे एचएलएचएसबद्दल थोडं लिहिलं होतं. बाळाच्या हृदयाची डावी बाजू आईच्या पोटात असतानाच नीट वाढत नाही आणि जन्मानंतर सगळ्या अंगाला रक्त पुरवायचं काम एकट्या उजव्या कप्प्यावर येऊन पडतं, असा हा आजार. त्यावर इतके मेल आले की यावेळी पूर्ण सदर त्यालाच दिलंय. मी डॉक्टर नाही, लहान मुलांच्या कार्डियाक वॉर्डात मेडिकल सोशल वर्कर आहे, एस्टिमेट, ट्रस्टचे फॉर्म आणि आईवडिलांचे रात्रीचे फोन हे माझं काम, तर त्या खुर्चीवरून जे दिसतं तेवढं सांगते.

ताई, आम्ही न्यू जर्सीत एडिसनला असतो. माझ्या भाचीच्या मुलाला एचएलएचएस आहे, दोन ऑपरेशनं झालीत. यंदा गणपतीत मंडळातर्फे २५ हजार डॉलर जमवायचं ठरतंय. सगळे म्हणतात क्युअर शोधणाऱ्यांनाच द्या, दुसरीकडे नको. कुणाला द्यावे? — शुभदा, एडिसन

मावशी, एक औषध दिलं आणि डावा कप्पा वाढला असं आज जगात कुठेच काही नाहीये, हे आधी मंडळात सांगून टाका म्हणजे नंतर कुणाला फसल्यासारखं वाटणार नाही. एसएमए या स्नायू दुबळे करणाऱ्या आजाराच्या १६ कोटींच्या इंजेक्शनच्या बातम्या आपल्या सगळ्यांच्या डोक्यात असतात ना, त्यामुळे लोकांना वाटतं प्रत्येक दुर्मिळ आजाराचं असं एक इंजेक्शन कुठेतरी तयार होतच असणार. पण एसएमएमध्ये एक ठरावीक जीन बिघडलेला असतो आणि त्याच जागेवर काम करता येतं. एचएलएचएसचं तसं नाही, पिट्सबर्गला सिसिलिया लो यांच्या लॅबने उंदरांमध्ये हा आजार शोधून काढला तेव्हा २०१७ मध्ये हेच दिसलं की एकापेक्षा जास्त जीन मिळून हा घोटाळा करतात आणि तोही पोटात हृदय तयार होत असताना, म्हणजे जन्मानंतर दुरुस्त करायला आपण फार उशिरा पोचतो.

आज जे आहे ते म्हणजे तीन ऑपरेशनं. पहिलं नॉरवुड, जन्मल्यावर पहिल्या एकदोन आठवड्यांत, विल्यम नॉरवुड यांनी बॉस्टनमधून १९८३ मध्ये ते यशस्वी झाल्याचं छापलं, त्याआधी ही बाळं बहुतेक काही दिवसांतच जायची. मग चारसहा महिन्यांचं झालं की ग्लेन आणि दोन ते पाच वर्षांच्या दरम्यान फॉन्टान. तिन्ही झाली तरी डावा कप्पा काही उगवत नाही, फक्त रक्ताचा रस्ता बदलतो.

आता पैशाचं. मोठे प्रयोग मोठ्या पैशावर चाललेत. मिनेसोटाच्या मेयो क्लिनिकमध्ये टॉड आणि कॅरन वॅनेक या फर्निचरच्या धंद्यातल्या कुटुंबाने २०१० मध्ये फक्त एचएलएचएससाठी एक प्रोग्रॅम उभा केला, त्यांच्या घरातच हा आजार आलेला, तिथे बाळाच्या स्वतःच्या नाळेच्या रक्तातल्या पेशी ग्लेनच्या वेळी उजव्या कप्प्याच्या स्नायूत टोचून बघितल्या. स्टॅनफर्डला २०२३ मध्ये अमेरिकन सरकारच्या आर्पा-एच या आरोग्य संशोधन संस्थेकडून २ कोटी ६३ लाख डॉलरपर्यंतचं काम मिळालं, माणसाच्या पेशींपासून हृदय प्रिंट करायचं आणि पाच वर्षांत ते जिवंत डुकरात बसवायचं. तुमचे २५ हजार म्हणजे याच्या हजाराव्या भागाच्याही आत. देऊ नका असं म्हणत नाही, पण तिथे ते पाण्यात मीठ टाकल्यासारखे विरघळतील.

मला विचाराल तर मी ते दुसरीकडे देईन, जिकडे क्युअर हा शब्दच कुणी वापरत नाही. पहिल्या आणि दुसऱ्या ऑपरेशनच्या मधले महिने सगळ्यात भीतीचे, बाळ घरी असतं, बरं दिसतं आणि एखाद्या साध्या जुलाबाने किंवा दूध कमी पडल्याने अचानक जातं. अमेरिकेतल्या हॉस्पिटलांनी मिळून एक नेटवर्क केलं, नॅशनल पीडियाट्रिक कार्डियॉलॉजी क्वालिटी इम्प्रूव्हमेंट कोलॅबोरेटिव्ह असं लांबलचक नाव, आणि त्यात सिस्टर्स बाय हार्ट ही एचएलएचएसच्या आयांची संघटना बरोबरीने बसली. केलं काय, तर आईवडिलांच्या हातात वजनकाटा आणि ऑक्सिमीटर दिला, रोजचं वजन, रोजचं सॅच्युरेशन, रोजचं दूध लिहायचं, अमुक आकड्याच्या खाली गेलं की लगेच फोन, आणि कुणाकडे बाळं जास्त वाचतात ते सगळ्या हॉस्पिटलांनी एकमेकांना उघड सांगायचं. त्या मधल्या महिन्यांतले मृत्यू साडेनऊ टक्क्यांवरून ५.३ टक्क्यांवर आले. यात नवं औषध नाही आणि नवी पेशीही नाही. पण हे चालवायला डेटा भरणारी नर्स लागते, तिचा पगार लागतो, आणि त्या पगारासाठी देणगी द्यायला फोटो काढून घेणारा कुणी पुढे येत नाही (हे माझं वॉर्डातलं दुखणं आहे, असो).

दुसरं उदाहरण. नॉरवुडमध्ये फुप्फुसाला रक्त न्यायला नळी कुठून जोडायची यावर सर्जन लोकांत वर्षानुवर्षं वाद, मग अमेरिकन सरकारच्या पैशावर साडेपाचशे बाळांची ट्रायल झाली. २०१० मध्ये रिझल्ट आला, नवीन पद्धतीत वर्षभराने ७४ टक्के बाळं ट्रान्सप्लांटशिवाय जिवंत, जुन्या पद्धतीत ६४. झालं, सगळ्यांना वाटलं ठरलं आता. पण त्याच मुलांना पुढे सहा वर्षांपर्यंत तपासत राहिले तेव्हा आकडे ६४ आणि ५९ झाले, म्हणजे फरक जवळजवळ विरला. हा फॉलोअप झाला नसता तर अर्धवट उत्तरावरच दुनिया चालली असती ना. तर मावशी, फॉलोअप आणि रजिस्ट्री (म्हणजे पेशंटची कायमची नोंदवही), इथे २५ हजाराला खरी किंमत आहे.

नावंच हवी असतील तर सिस्टर्स बाय हार्ट आहे, चिल्ड्रन्स हार्ट फाउंडेशन १९९६ पासून फक्त जन्मजात हृदयरोगाच्या संशोधनाला पैसे देते, आणि अॅडिशनल व्हेंचर्स सिंगल व्हेंट्रिकलवर, म्हणजे एकाच कप्प्यावर चालणाऱ्या अशा हृदयांवर काम करते. कुठेही द्या पण लेखी विचारा की आमचा पैसा कशावर खर्च होणार, युनिव्हर्सिटी वरचा खर्च म्हणून किती कापणार, आणि रिझल्ट वाईट आला तरी छापणार का. मंडळातल्या लोकांच्या कंपन्या मॅचिंग देतात का, म्हणजे माणसाने दिलं की कंपनीही तेवढंच घालते का, तेही बघा, बरेचजण तो फॉर्मच भरत नाहीत. आणि हो, भारतातल्या ट्रस्टला पाठवायचं मनात आलं तर मंडळ अमेरिकन आहे म्हणून त्या ट्रस्टकडे एफसीआरए म्हणजे परदेशी देणगीच्या कायद्याखालची नोंदणी किंवा पूर्वपरवानगी लागणार, त्याशिवाय त्यांना तो चेक घेताच येत नाही.

नमस्कार. पुतण्याच्या बायकोला सहावा महिना चालू आहे, फीटल इकोत बाळाला एचएलएचएस सांगितलंय. एकजण घरी आला होता, नाळेचं रक्त साठवा, परदेशात याच्यावर स्टेम सेलचं संशोधन यशस्वी झालंय, आमच्या ओळखीने बाळाला उपचार मिळतील म्हणाला, पॅकेज काही लाखांचं आहे. शेती विकायची तयारी आहे. — एक काका, सांगली जिल्हा

काका, शेती विकू नका, निदान या माणसासाठी तर नाहीच. तो जे सांगतोय त्यात एक धागा खरा आहे म्हणूनच ते पटतं. वर मेयोचं लिहिलंय ना, तिथे नाळेच्या रक्ताचे प्रयोग झालेत, जपानमध्ये ओकायामालाही हृदयाच्याच पेशी वापरून प्रयोग झालेत. पण ते प्रयोग आहेत, आणि पेशी टोचणं हे त्या तीन ऑपरेशनांच्या जागी नाही तर ऑपरेशन करतानाच वरून केलेली भर आहे. पेशी टोचल्या की नॉरवुड लागत नाही असं कुणीही शास्त्रज्ञ म्हणत नाही.

आपल्याकडे आयसीएमआरचे २०१७ चे नियम स्पष्ट आहेत, रक्ताचे काही ठरावीक आजार सोडले तर स्टेम सेल फक्त परवानगी असलेल्या ट्रायलमध्येच देता येतात, आणि ट्रायलमध्ये पेशंटकडून त्याचे पैसे घ्यायचे नसतात. म्हणजे कुणी पॅकेज सांगितलं की तिथेच थांबायचं. त्याला सीटीआरआय या सरकारी ट्रायल-नोंदणीचा नंबर विचारा, देशातली प्रत्येक ट्रायल तिथे नोंदलेली असायलाच लागते आणि ती यादी नेटवर कुणालाही बघता येते, नंबर विचारल्यावर ही माणसं परत फोन करत नाहीत हा माझा अनुभव.

त्या पैशाचं आणि वेळेचं खरं काम वेगळं आहे. डिलिव्हरी गावात नको, जिथे लहान मुलांचं हार्टचं युनिट आहे तिथेच किंवा त्याच्या अगदी जवळ. कारण हे बाळ जन्मताना गुलाबी आणि रडतं असू शकतं, आईच्या पोटात असतानाची हृदयाजवळची एक रक्तवाहिनी अजून उघडी असते तिच्यावर सगळं चाललेलं असतं, ती एकदोन दिवसांत बंद व्हायला लागली की बाळ कोसळतं, म्हणून ती उघडी ठेवणाऱ्या प्रोस्टाग्लँडिन या औषधाची ड्रिप तयार लागते. नॉरवुड आपल्याकडे मोजक्याच ठिकाणी होते, कोचीच्या अमृता हॉस्पिटलात याचा अनुभव आहे. जाण्याआधी सरळ विचारा, गेल्या वर्षात किती केल्या आणि किती मुलं घरी गेली. पुतण्या आणि सुनेला दोघांनाच डॉक्टरांशी बसू द्या, सगळे पर्याय ऐकू द्या, निर्णय त्यांचा आहे, आपण मोठ्यांनी गाडी आणि डबा बघायचा. खर्चासाठी महात्मा फुले योजना, आरबीएसके (राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम), सिद्धिविनायक ट्रस्ट, मुख्यमंत्री सहायता निधी या सगळीकडे अर्ज लागतात, त्याला हॉस्पिटलचं सहीशिक्क्याचं एस्टिमेट आधी हवं, तेव्हा तिथल्या सोशल वर्करला पहिल्याच दिवशी गाठा.

आमच्या कंपनीचा सीएसआर फंड आहे, यंदा रेअर डिसीजला द्यायचा विचार आहे. एचएलएचएसला सरकारी पॉलिसीतून ५० लाख मिळतात ना, मग आम्ही संशोधनाला देऊ शकतो का? — प्रणव, पुणे

नाही मिळत प्रणव, हा गैरसमज खूप आहे. २०२१ च्या रेअर डिसीज पॉलिसीत ५० लाखांपर्यंत मदत आहे पण ती यादीतल्या ६३ आजारांना, आणि जन्मजात हृदयरोग त्या यादीत नाहीत. ते आरबीएसकेमध्ये येतात, तिथे शून्य ते अठरा वर्षांच्या मुलांची तपासणी आणि ऑपरेशन असतं, संशोधन नाही.

सीएसआरमधून संशोधनाला देता येतं, सरकारी विद्यापीठं आणि राष्ट्रीय संस्था नियमात बसतात. त्रिवेंद्रमचं श्री चित्रा घ्या, देशी बनावटीचा हृदयाचा व्हॉल्व्ह त्यांनीच तयार केला, लहान मुलांची हार्ट सर्जरीही तिथे होते. पण तुझ्या जागी मी असते तर निम्मा पैसा तालुक्याच्या प्रसूतिगृहांत ऑक्सिमीटर आणि नर्सच्या ट्रेनिंगवर टाकला असता, आणि निघालेला डेटा नीट जमवून छापायचा करार केला असता. २४ तासांनी बाळाच्या उजव्या हाताला आणि एका पायाला सेन्सर लावायचा, काही मिनिटांचं काम. अमेरिकेत २०११ मध्ये याची शिफारस झाली, नंतर तपासलं तर जिथे ही चाचणी सक्तीची केली तिथे गंभीर जन्मजात हृदयरोगाने जाणारी बाळं ३३ टक्क्यांनी कमी झाली. आपल्याकडे निदानच झालं नाही तर संशोधन कुणावर करणार रे.

डुकरात माणसाचं हृदय बसवायला कोटी कोटी घालवण्यापेक्षा तेवढ्यात गरीब मुलांची ऑपरेशनं होतील, नाही का? — वि. ज., नाशिक

होतील. पण तो पैसा अमेरिकन सरकारच्या संशोधनाच्या खात्यातला आहे, तिथे नाही गेला तर नाशिकला येणार नाही. आणि १९५८ मध्ये ग्लेन ऑपरेशन माणसावर झालं त्याआधी ते कुत्र्यांवर झालं होतं, तेव्हाही कुणीतरी हेच म्हणालं असेल.

ताई, मी १९ वर्षांची आहे, लहानपणी फॉन्टान झालंय. सगळे बाळांसाठीच पैसे जमवतात. आमच्यासारख्यांवर कुणी संशोधन करतं का? जिना चढताना दम लागतो. — नाव नको, नागपूर

करतात गं, पण उशिरा जागे झाले. ऑपरेशन फ्रान्सिस फॉन्टान यांनी १९७१ मध्ये छापलं, पहिली मुलं मोठी होईपर्यंत पुढचे प्रश्न कुणाला दिसलेच नाहीत. २०१८ च्या सुमाराचा अंदाज आहे की जगात ५० ते ७० हजार लोक फॉन्टान घेऊन जगतायत आणि त्यातले ४० टक्के अठराच्या पुढचे आहेत, तेव्हा तू एकटी नाहीयेस. तुझ्याकडे फुप्फुसाला रक्त ढकलणारा पंप नाही, रक्त आपोआप वाहत जातं, म्हणून शिरांमधलं प्रेशर कायम वाढलेलं राहतं आणि दम लागतो, लिव्हरवरही वर्षानुवर्षं ताण येतो.

यावर उडेनाफिल नावाच्या गोळीची ४०० मुलामुलींवर ट्रायल झाली, २०१९ मध्ये छापली. व्यायामाच्या टेस्टमध्ये थोडी सुधारणा दिसली पण मुख्य आकडा जिथे यायला हवा होता तिथे नाही आला, अमेरिकेच्या एफडीएने मंजुरी दिली नाही, म्हणून दुसरी ट्रायल हाती घेतली. लोक म्हणाले पैसे वाया गेले. मला तसं अजिबात वाटत नाही, नाहीतर आज तुझ्यासारखी प्रत्येकजण तीच महाग गोळी आशेवर गिळत बसली असती. ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडने तर फॉन्टानवाल्यांची देशभराची रजिस्ट्रीच केली आहे, आपल्याकडे हवं तर तेच हवं, मी सीएसआरवाल्यांच्या मागे लागलेच आहे.

तू सध्या एवढं कर. लहान मुलांच्या डॉक्टरांकडून सुटलीस आणि मोठ्यांच्या कार्डिऑलॉजीत गेलीच नाहीस असं झालं असेल तर आधी ते बघ, तुझ्या वयाला नेमकी हीच फट पडते. दम नवीन आहे की पहिल्यापासूनचा ते आठवून लिहून ने आणि नवीन असेल तर पुढच्या तारखेची वाट बघू नको, याच आठवड्यात जा. लिव्हरची सोनोग्राफी शेवटची कधी झाली ते विचार. ऑपरेशनची फाईल आईच्या कपाटात असेल, तिचे सगळे कागद फोनवर स्कॅन करून ठेव, डिस्चार्ज कार्डची शाई उडते.